शिवेचा चकवा : सीमाभागात काळ ओलांडणारी कथा कशी रचावी

बेळगावजवळच्या उचगाव-बेळगुंदीपासून चंदगडच्या डोंगरापर्यंतच्या पट्ट्यात चकवा न ऐकलेला माणूस सापडणं कठीण. तिन्हीसांजेला शिवारातून घरी निघालेला माणूस रोजच्या पायवाटेवर असतो आणि तरी फिरून फिरून त्याच आंब्याखाली येतो. गावातले दिवे दिसतात, कुत्री भुंकलेली ऐकू येतात, पण गाव जवळ येत नाही. उपाय सगळ्यांना पाठ असतो. जागच्या जागी बसून राहायचं, सदरा उलटा करून घालायचा. उजाडलं की वाट आपोआप दिसते.

या अनुभवात तथ्य आहे. २००९ साली जर्मनीतल्या संशोधकांनी माणसांना जंगलात आणि वाळवंटात सरळ चालायला सांगून पाहिलं. सूर्य दिसत होता तोवर माणसं सरळ गेली. ढग आले की गोल फिरायला लागली, आणि आपण गोल फिरतोय हे त्यांना कळत नव्हतं. म्हणजे बाहेरची खूण हरवली की पाय स्वतःभोवतीच वळतात. आमच्या आज्ज्यांना हे ठाऊक होतं, त्यांनी त्याला नाव दिलं एवढंच.

चकव्यात माणसाची जागा चुकते. जागेऐवजी वेळ चुकली तर? गेली काही वर्षं मी या एका प्रश्नावर कथा लिहितोय. कडोली, येळ्ळूर, उचगाव, कुद्रेमनी अशा गावांतून मराठी साहित्य संमेलनं भरतात, तिथल्या कथाकथनासाठी किंवा दिवाळी अंकासाठी लिहू पाहणारी तरुण मुलं मला विचारतात की भूतकाळात जाणारी गोष्ट आपल्या मातीत कशी बसवायची. त्यांच्यासाठी ही सगळी पद्धत मांडतोय. खाली ज्याला ‘शिवेचा चकवा’ म्हटलंय तो मी रचलेला आहे, अशी लोककथा कुठल्या गावात मिळणार नाही. त्याला आधार दिलेल्या गोष्टी मात्र खऱ्या आहेत, आणि त्या खऱ्या असल्याशिवाय हा प्रकार उभा राहत नाही.

पायरी पहिली : चमत्कार एका वाक्यात बांधा

कागदावर सगळ्यात आधी एकच वाक्य लिहा: वाट कुठं उघडते, कधी उघडते, किती वेळ उघडी राहते आणि तिची किंमत काय. चारही गोष्टी एका वाक्यात बसल्या नाहीत तर पुढं जाऊ नका. माझं वाक्य असं आहे: नक्षत्र बदलतं त्या सांजेला, दोन गावांच्या शिवेवर, घड्याळ आणि सूर्य यांच्यात जेवढा फरक असतो तेवढा वेळ मागच्या काळाची वाट उघडते, परत येणाऱ्याचा एक शब्द तिकडंच राहतो.

आता एकेक भाग सोडवून सांगतो, कारण सगळं काम यातच आहे.

कुठं. शीव ही जागा मी निवडली कारण ती कुठल्याच गावाची नसते. नरसिंहाची गोष्ट आठवा. ना दिवस ना रात्र, ना घरात ना बाहेर, तर तिन्हीसांजेला उंबऱ्यावर. वर पाळूनही जिथं वर चुकतो अशी सांधी आपल्या परंपरेनं फार पूर्वी शोधून ठेवलीय. खानापूर तालुक्यात हलशीला भूवराह नरसिंहाचं बाराव्या शतकातलं देऊळ आहे, एकदा जाऊन या. तिथं बसलं की सांधीची ही कल्पना पुस्तकातली वाटत नाही. घराचा उंबरा, गावाची वेस, शिवाराची शीव, तालुक्याची हद्द, राज्याची सीमा या एकाच गोष्टीच्या चढत्या पायऱ्या आहेत. आपल्या भागात त्या सगळ्या पायऱ्या पाच-सहा मैलांत भेटतात. एवढी सांधींनी भरलेली जमीन दुसरीकडं कथा लिहिणाऱ्याला सहज मिळत नाही.

कधी. आपला शेतकरी महिना सांगत नाही, नक्षत्र सांगतो. मिरग निघाला, तरणा पाऊस लागला, म्हातारा लागला, मघा बरसल्या. सूर्य साधारण साडेतेरा दिवसांनी नक्षत्र बदलतो, म्हणजे वर्षात असे २७ सांधे येतात. कथेतल्या माणसाला वाट कधी उघडणार हे आधी कळायला हवं आणि वाट चुकली तर पुढच्या खेपेची वाट बघायला लागायला हवी. नक्षत्रानं दोन्ही साधतं. शिवाय पंचांग प्रत्येक घरात खुंटीला असतं, वेगळा जादूचा ग्रंथ शोधायला नको.

किती वेळ. हा भाग मला सगळ्यात प्रिय आहे. भारताची प्रमाणवेळ ८२ अंश ३० कला पूर्व रेखांशावर धरलीय. बेळगाव आहे साधारण ७४ अंश ३० कलांवर. फरक ८ अंशांचा, आणि पृथ्वीला एक अंश फिरायला ४ मिनिटं लागतात. म्हणजे आपल्या मनगटावरचं घड्याळ आपल्या डोक्यावरच्या सूर्यापेक्षा सरासरी ३२ मिनिटं पुढं असतं. घड्याळात बारा वाजतात तेव्हा बेळगावात अजून मध्यान्ह झालेली नसते. ही ३२ मिनिटं आपण रोज जगतो आणि कुणाच्या हिशेबात धरत नाही. माझी वाट याच बेवारस मिनिटांतून जाते.

आणखी एक. हा फरक वर्षभर तेवढाच राहत नाही. पृथ्वीची कक्षा गोल नाही आणि तिचा आस कललेला आहे, त्यामुळं फेब्रुवारीच्या मध्यावर तो वाढून ४६ मिनिटांच्या आसपास जातो आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला घटून १६ मिनिटांवर येतो. तुमची कथा कुठल्या महिन्यात घडते त्यावर पात्राला किती वेळ मिळणार हे ठरतं. माघात जाणाऱ्याला पाऊण तास मिळतो, दिवाळीच्या तोंडावर जाणाऱ्याला पाव तास. लेखकानं मनानं ठरवलेल्या मुदतीपेक्षा आकाशानं ठरवलेली मुदत जास्त भीती घालते.

किंमत. परत येताना पात्राचा एक शब्द तिकडं राहतो. तिकडं ज्या वस्तूला त्यानं अंग टेकवलं तिचंच नाव. आणि शब्द फक्त त्याच्या तोंडातून जात नाही, सगळ्या गावाच्या तोंडातून जातो. वस्तू असते, नाव नसतं. रक्त किंवा आयुष्याची वर्षं अशी किंमत मी मुद्दाम घेतली नाही. आमच्या घरात भात ठेवायला कणगी होती, मोटेचं पाणी पाटानं परड्यात यायचं, चुलीशेजारी उतरंड होती. माझ्या मुलीला या तिन्ही वस्तू दाखवता येत नाहीत आणि तिन्ही शब्द सांगितले तर तिला कन्नड, मराठी, इंग्रजी यांपैकी कुठल्या भाषेचे हेही ओळखता येत नाही. शब्द जाणं म्हणजे काय हे सीमाभागातल्या वाचकाला समजावून सांगावं लागत नाही. किंमत अशीच निवडा, जी तुमच्या वाचकानं स्वतः कधीतरी भरलेली असेल.

पायरी दुसरी : पात्राची गरज लहान ठेवा

नव्या लेखकाचं पात्र वाट उघडली रे उघडली की इंग्रजांशी लढलेल्या संगोळ्ळी रायण्णाला वाचवायला धावतं, नाहीतर टिळकांना भेटायला. असं करू नका. रायण्णाला नंदगडला १८३१ साली फाशी दिली, ते वाचकाला माहीत आहे, त्यामुळं पात्र हरणार हेही त्याला पहिल्या पानावर माहीत असतं. उरतं ते फक्त देखावे.

लहान गरज अशी हवी की जी त्या माणसाशिवाय जगात कुणालाच नाही. माझ्या कथेत उद्यमबागेतल्या एका कारखान्यात काम करणारी चोवीस वर्षांची मुलगी आहे. तिची आज्जी वारली. दिवसकार्याच्या वेळी कुणीतरी म्हणालं की आज्जीचं हे नाव सासरचं, लग्नात ठेवलेलं. माहेरचं नाव काय होतं? घरात कुणालाच आठवत नाही. आईला नाही, मामाला नाही. आज्जीची भावंडं गेलेली, शाळेत ती गेलीच नव्हती, त्यामुळं दाखला नाही. सोळा वर्षं ज्या नावानं तिला हाक मारली गेली ते नाव आता जगात कुठंही नाही. मुलीला ते हवंय. एवढीच गरज.

हा प्रसंग लिहिण्याआधी तुम्हीही एक करा. घरातल्या आणि गल्लीतल्या वयस्कर बायकांना त्यांचं लग्नाआधीचं नाव विचारा. वही घेऊन बसू नका, हातात काहीतरी निवडायला घ्या आणि मग विचारा. काही जणी हसतील, काही गप्प होतील, एखादी नाव सांगून मग बराच वेळ काही बोलणार नाही. तुमच्या कथेतल्या आज्जीचं नाव तिथूनच आणा. म्हणून मी माझ्या कथेतलं नाव इथं देत नाही.

पायरी तिसरी : साल ठरवा, मग त्या सालाला धरून राहा

माझ्या कथेचं साल १९५६. ते का, हे जरा सविस्तर सांगतो, कारण साल कसं निवडायचं याचा तो नमुना आहे.

१ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना झाली. बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला, पण कायद्यातले शब्द आहेत ‘चंदगड तालुका वगळून’. चंदगड तोवर बेळगाव जिल्ह्यात होता, तो मुंबई राज्यातच राहिला आणि कोल्हापूरला जोडला गेला. आता त्या साली लग्न झालेली एक सून डोळ्यांसमोर आणा. सासर बेळगाव तालुक्यात, माहेर चंदगडात. त्या वर्षी दिवाळी नेमकी त्याच आठवड्यात होती. पहिला दिवाळसण, म्हणजे ती माहेरी जाणारच. बैलगाडी तीच, रस्ता तोच, ओढा तोच, आणि ती एका राज्यातून निघून दुसऱ्या राज्यात पोचणार. तिला ते कुणी सांगितलेलंही नसणार. आज शिनोळीच्या फाट्यापाशी मैलाच्या दगडावरची लिपी बदलते, तिथून मी जातो तेव्हा मला दर वेळी ही गाडी दिसते.

मला हे साल शोधायला लागलं नाही, ते त्या सुनेच्या वयातून निघालं. तुम्हीही असंच करा. आधी माणूस, मग त्याच्या वयावरून साल, आणि शेवटी त्या सालात काय घडलं ते. उलट क्रमानं गेलात तर माणूस त्या घटनेचा साक्षीदार म्हणून नुसता कोपऱ्यात उभा राहतो.

नक्षत्र जुळवू. सूर्य स्वातीत जातो तो २४ ऑक्टोबरच्या सुमारास. म्हणजे राज्य बदलायला आठवडा राहिला असताना वाट उघडते. त्या दिवसांत घड्याळ आणि सूर्य यांच्यातला फरक १६ मिनिटांच्या जवळ असतो. पौर्णिमा होऊन चार-पाच दिवस झालेले, म्हणून सांजेला चंद्र नाही, तो जेवणवेळेनंतर उगवणार. सूर्य सहाच्या थोडा पुढं मावळतो. भात पिकून उभं आहे, कापणी तोंडावर आहे, आणि घराघरात दिवाळीच्या फराळाची तयारी. एवढं ठरलं की अर्धी कथा आपोआप लिहिली जाते.

दुसरी सालं घ्यायची असतील तर थोडक्यात काही सुचवतो. डिसेंबर १९२४ मध्ये बेळगावला काँग्रेसचं अधिवेशन झालं, गांधीजी अध्यक्ष असलेलं ते एकमेव अधिवेशन. त्यासाठी खणलेली विहीर टिळकवाडीत आजही आहे. पात्राला मंडपात पाठवण्यापेक्षा त्या विहिरीवर पाणी ओढणाऱ्या स्वयंसेवकाजवळ पाठवा. शहापूर १९४८ पर्यंत सांगली संस्थानात होतं, म्हणजे बेळगावातून शहापूरच्या पेठेत खण घ्यायला गेलेली बाई इंग्रजांच्या मुलखातून संस्थानात जाऊन परत येत होती. शिवेचा चकवा तिथं शहराच्या मधोमध लागू शकतो. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १८८८ साली बेळगावात सायकलचं दुकान काढलं, तेव्हाच्या गल्लीत पहिली सायकल पाहणारं पोर ही एक सुंदर सुरुवात आहे. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी प्लेग आला तेव्हा लोक गाव सोडून माळावर झोपड्या बांधून राहिले. रिकाम्या गावात शिरणारं पात्र लिहायचं असेल तर ते जपून लिहा, तो खऱ्या घरांचा शोक आहे. आणि हिडकलच्या धरणात बुडालेलं हुन्नूरचं विठ्ठलाचं देऊळ उन्हाळ्यात पाणी उतरलं की वर येतं. तिथं वेगळा चमत्कार रचायची गरजच नाही, फक्त पाणी कधी उतरतं ते बघून यायचं.

पायरी चौथी : घर उलटंपालटं करून तपासा

काळ मोडतो तो लहान वस्तूंत. साल ठरलं की एका कागदावर पात्राच्या हातात येणारी प्रत्येक वस्तू लिहा आणि ती त्या साली होती का ते बघा.

पैसे. ऑक्टोबर १९५६ मध्ये रुपयाचे १६ आणे आणि आण्याचे ४ पैसे. दशमान नाणी आली १ एप्रिल १९५७ ला. म्हणजे राज्य बदलून पाच महिने होतात तोवर खिशातलं नाणंही बदललं. त्या वर्षी जगलेल्या माणसाला दोन्ही गोष्टी एकाच दमात आठवतात, हे मी अनेकदा ऐकलंय. वजनमाप शेर, पायली, मण. किलो-ग्रॅम व्यवहारात यायला १९५८ नंतरची वर्षं लागली, तेव्हा आज्जीच्या तोंडी ‘अर्धा किलो’ आला की कथा तिथंच कोसळते.

उजेड. खेड्यात चिमणी नाहीतर कंदील. पात्राच्या मोबाईलची बॅटरी पेटवू नका. तो उजेड त्या अंगणात पसरला की पुढचं सगळं संभाषण मोबाईलबद्दल होतं आणि नाव विचारायचं राहून जातं. मोबाईल खिशातच ठेवा, मुलीनं तो फक्त घड्याळासाठी चोरून बघावा. तिथं टॉवर नाही, त्यामुळं तारीख आपोआप बदलणार नाही, मिनिटं मात्र पुढं सरकत राहतील. तोच तुमचा सोळा मिनिटांचा काटा.

घड्याळाबद्दल आणखी दोन गोष्टी ध्यानात असू द्या. दुसऱ्या महायुद्धात सप्टेंबर १९४२ ते ऑक्टोबर १९४५ या काळात देशभर घड्याळं एक तास पुढं केली होती. त्या वर्षांत गेलेल्या पात्राला घड्याळ आणि सूर्य यांच्यात दीड तासाचा फरक दिसेल, आणि माझा नियम वापरलात तर वाटही तेवढी लांब उघडी राहील. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी रेल्वे मद्रासची वेळ पाळायची, त्यामुळं स्टेशनातलं घड्याळ आणि गावातली वेळ यांत २३ मिनिटांचं अंतर पडायचं. रेल्वेची कथा लिहीत असाल तर हे सोनं आहे. आगगाडी इथं मीटर गेजवर धावायची, रूळ रुंद झाले ते १९९०च्या दशकात.

लिपी. १९००च्या मागं गेलात तर जमिनीचा कागद, सावकाराचं खतपत्र मोडीत असणार. आजच्या मुलाला ते वाचता येणार नाही. ही अडचण लपवू नका, तिच्यावर प्रसंग उभा करा.

माहिती मिळवायला फार लांब जावं लागत नाही. मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा एकविसावा खंड बेळगावचा आहे, १८८४ सालचा. पिकं, बाजार, जाती, रस्ते, देवळं सगळं त्यात सापडतं, फक्त तो राज्यकर्त्याच्या नजरेनं लिहिलेला आहे हे विसरू नका. ‘तरुण भारत’ १९१९ पासून बेळगावातून निघतोय, जुन्या अंकांतल्या जाहिराती बातम्यांपेक्षा जास्त बोलतात. घरातल्या ट्रंकेत लग्नपत्रिका असतात, पावत्या असतात. माझ्या एका कथेचा शेवट मला एका पाटीपुस्तकाच्या पावतीवर सापडला.

पायरी पाचवी : कोण कुठली भाषा बोलतं

इथं मी एकदा फार चुकलो, म्हणून नीट सांगतो. माझ्या सुरुवातीच्या एका कथेत पात्र बेळगावच्या किल्ल्यातल्या कमल बस्ती या जैन देवळात शिरतं आणि थेट १२०४ सालात निघतं. रट्ट राजा चौथा कार्तवीर्य, त्याचा मंत्री बिचिराज, छतातलं दगडी कमळ, सगळं मी अभ्यासून लिहिलं होतं. गावच्या एका कार्यक्रमात वाचलं. मागच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्यानं उठून विचारलं, “त्यांचं बोलणं ह्याला कळलं कसं?” त्या काळचा शिलालेख जुन्या कन्नडमधला आहे. माझं पात्र आणि तो मंत्री आजच्या मराठीत गप्पा मारत होते. मला उत्तर देता आलं नाही आणि ती कथा मी परत वाचली नाही.

तेव्हापासून एक नियम पाळतोय: पात्र जेवढं मागं जाईल तेवढं त्याचं बोलणं कमी होईल. साठ-सत्तर वर्षांत सगळं कळतं, काही शब्द अडतात. दोनशे वर्षांत अर्धं कळतं. आठशे वर्षांत फक्त हात आणि डोळे.

बेळगावी मराठीची चाल जशी आहे तशी येऊ द्या. इथं ‘खरं’ म्हणजे ‘पण’. ‘येणार होतो खरं पाऊस लागला’ हे वाक्य पुण्याच्या संपादकानं दुरुस्त केलं तर ते तुमच्या हातानं परत चुकवा. वाक्याच्या शेवटी ‘की’ येतं, अक्का-अण्णा-अप्पा ही नाती कन्नडशी सामायिक आहेत. आज्जीला प्रमाण मराठी बोलायला लावलंत तर ती आज्जी राहत नाही.

आणि एक गोष्ट मी कळकळीनं सांगतो. १ नोव्हेंबर हा दिवस इथं एकाच गल्लीत दोन तऱ्हांनी पाळला जातो. मराठी माणूस काळा दिवस पाळतो, कन्नड माणूस राज्योत्सव. १९७३ साली राज्याचं नाव कर्नाटक झालं ते याच तारखेला, २०१४ साली शहराचं अधिकृत नाव बेळगावी झालं तेही याच तारखेला. आपल्याला दुखतं, ते लिहायलाच हवं. पण आजचं भांडण उचलून १९५६ च्या शिवारात नेऊन ठेवू नका. तिथं शेजारच्या बांधावर कन्नड बोलणारा माणूस होताच, आणि त्याचा बैल अडला तर मराठी बोलणारा धावत होता. माझ्या कथेत मुलगी शिवेवरून उतरते तेव्हा पहिला भेटतो एक कन्नड बोलणारा गुराखी. तिला त्याचं बोलणं कळतं, कारण ती शाळेत कन्नड शिकलीय. तो तिला घराची वाट दाखवतो. हा गुराखी नसता तर ती सोळा मिनिटांत पोचलीच नसती.

पायरी सहावी : सोळा मिनिटांचा आराखडा

कथा दोन हजार शब्दांची असेल तर अर्धे शब्द या सोळा मिनिटांना द्या. पहिली चार मिनिटं शीव ते घर. भाताचा वास, गुराख्याची हाक, जिथं आज सिमेंटची टाकी आहे तिथं नुसतं बोरीचं झाड. बदल मोजून तीनच दाखवा, वाचक बाकीचे स्वतः भरतो.

पुढची नऊ मिनिटं आज्जीजवळ. ती सोळा वर्षांची आहे, नातीपेक्षा आठ वर्षांनी लहान. दिवाळीसाठी सुपात पोहे घेऊन त्यातलं तूस निवडत बसलीय. अनोळखी मुलगी दारात उभी बघून ती घाबरत नाही, कारण तिन्हीसांजेला दारात आलेल्या बाईला पाणी विचारतात. माझ्या कथेतला हा तुकडा असा आहे:

“कुणाकडली गं तू?”
“लांबची. वाट चुकले.”
“चकवा लागला असंल. बस की. खरं उंबऱ्यावर नको बसू, तिन्हीसांजा हाईत.”

पण ती बसून गेलेली असते. पाय थरथरत होते म्हणून बसली. उंबऱ्यावर बसू नये हे आज्जीनंच तिला लहानपणी शंभर वेळा सांगितलेलं.

नाव विचारायचा प्रश्न सरळ विचारायला लावू नका. नवी सून परक्या बाईला नाव सांगताना सासरचंच सांगणार. माझी मुलगी विचारते, “दिवाळीला माहेरी गेलीस की आई काय म्हणून हाक मारंल?” तेव्हा ती सून पोह्यांवरचा हात थांबवून हसते आणि ते नाव स्वतःच्या आईच्या आवाजात म्हणून दाखवते. हा क्षण आला की एकही विशेषण घालू नका. डोळे भरून आले, कंठ दाटला, यातलं काहीच नको. नाव, आणि मग लगेच ती पुन्हा तूस निवडू लागते.

शेवटची तीन मिनिटं परतीची. धावा, पण वर्णनात धावू नका.

शिवेची जागा प्रत्यक्ष बघून घ्या, दिवसाउजेडी. संध्याकाळी एकटं जाऊन ‘अनुभव’ घेण्याची गरज नाही. भीमगडच्या जंगलाकडं कथा नेणार असाल तर ते २०११ पासून अभयारण्य आहे, वनखात्याची परवानगी काढूनच जा.

पायरी सातवी : शब्द काढून टाका

ही पायरी सगळ्यात कठीण आणि बहुतेक जण ती गाळतात. मुलीनं अंग टेकवलं ते उंबऱ्याला. म्हणजे ती परतली त्या क्षणापासून तो शब्द कथेत कुठंही येता कामा नये. तिच्या तोंडी नाही, आईच्या तोंडी नाही, आणि निवेदकाच्याही नाही. निवेदक त्याच गावचा आहे, त्याचाही शब्द गेलाय. टाइप केलेल्या मजकुरात तो शब्द शोधा आणि परतीनंतरची प्रत्येक जागा नव्यानं लिहा. ‘दाराच्या खालचं ते लाकूड’, ‘आत येताना पाय उचलतो तिथं’ असं काहीतरी लिहावं लागेल, आणि लिहिताना तुम्हाला स्वतःला अडखळल्यासारखं होईल. ते अडखळणंच वाचकापर्यंत जायला हवं. ‘माप ओलांडणं’, ‘घराची पायरी’ असे शेजारचे शब्द वापरून पळवाट काढू नका. लेखक पळाला की वाचकाला किंमत पोचत नाही.

माझ्या कथेत मुलगी घरी येते, दारात ठेच लागून पडते. आई बाहेर येते, विचारते कशाला लागलं. मुलगी बोट दाखवते. दोघी खाली बघतात. आई तिथं रोज हळदकुंकू वाहते, रोज रांगोळी काढते, आणि तिला सांगता येत नाही. मग मुलगी आज्जीचं नाव सांगते.

मसुदा पुरा झाला की तो गावातल्या सगळ्यात वयस्कर बाईसमोर मोठ्यानं वाचा. कथा आवडली का ते विचारू नका. कुठला शब्द तेव्हा नव्हता ते विचारा, आणि तिनं सांगितलेला प्रत्येक शब्द तिच्यासमोरच खोडा. माझ्या वेळी तिनं तीन शब्द खोडायला लावले. चौथ्या ठिकाणी थांबवून ती म्हणाली, “सुपात नाही रे, पोहे आम्ही रोळीत घेत होतो.” मी रोळी हा शब्द कितीतरी वर्षांनी ऐकत होतो. कथेत आता रोळी आहे.